सावल्या उसवल्या, पण गोष्ट कुठे उसवली?

पत्र, थोडक्यात: ताई, मी मिरजेची. दिवसा बँकेत नोकरी आणि रात्री कादंबरी, असं चाललंय. माझ्या कादंबरीत सोनघळ नावाचं खोरं आहे. तिथे रोज तिन्हीसांजेला माणसांच्या सावल्या अंगापासून सुटतात. लोक त्याला ‘उसवण’ म्हणतात. सावल्या रात्रभर हिंडतात आणि पहाटे परत पायाला चिकटतात. ज्यांची सावली परत येत नाही ते ‘निसावले’, ते गावाबाहेर राहतात. माझी नायिका रेवा, तिची सावली एका सकाळी परत येत नाही. मैत्रिणींना पहिली दोन प्रकरणं फार आवडली, तिसऱ्यापासून मात्र ‘काहीही चाललंय’ म्हणाल्या. पुढे सावल्या बोलतात, उडतात, माणसं मारतात, आजारही बरे करतात. चुकतंय कुठे? हे इंग्रजी फँटसीची उसनवारी वाटेल का? उसवण का होते ते सांगायलाच हवं का? आणि आई म्हणते असलं अभद्र लिहू नकोस, तिला काय सांगू? (मला अगं-तुगंच करा.)

प्रिय मिरजकर,

तिन्ही प्रकरणं वाचली. तुझ्या मैत्रिणी खऱ्या आहेत, त्यांना धरून ठेव. ‘छान आहे गं’ म्हणून सोडून देणाऱ्या खंडीभर मिळतात.

पहिल्या प्रकरणातला न्हाणीतला प्रसंग घेऊ. रेवा पाय धुवायला बसते. खिडकीतून ऊन आलंय. बादलीची सावली आहे, तांब्याची आहे, दोरीवरच्या पंच्याचीसुद्धा आहे. तिच्या पायाशी मात्र नुसती ओली फरशी. ती तांब्या हळूच सरकवते, त्याची सावली आपल्या पायाला लागेल असा. बाहेरून सासू हाक मारते तेव्हा ती तांब्या तसाच धरून बसलेली असते. हे वाचताना मी स्वतःच्या खुर्चीखाली बघितलं. यात कुणी उडत नाही की बोलत नाही. जगातली एकच गोष्ट बदललीय, बाकी सगळं जिथल्या तिथे आहे.

तिसऱ्या प्रकरणात त्याच सावलीने बुरूज पाडलाय, पुजाऱ्याचा गळा आवळलाय आणि जाता जाता एका पोराचा ताप उतरवलाय. मग मला रेवाची काळजी कशाला वाटेल? जिची सावली काहीही करू शकते तिला अडचण अशी येणारच नाही, आणि आलीच तर तू पुढच्या पानावर सावलीला नवी विद्या शिकवशील, हे वाचकाला कळून चुकतं.

सावलीसारखा विषय मिळणं हे लेखकाचं नशीब असतं. ड्रॅगनचे नियम वाचकाला शिकवावे लागतात, सावलीचे नियम तो रांगायला लागल्यापासून जाणतो. दुपारी ती आखूड होते, संध्याकाळी लांबते, दिव्याच्या विरुद्ध बाजूला पडते आणि पाय सोडत नाही. तू यातला शेवटचा नियम मोडलास. उत्तम. आता बाकीचे काटेकोर पाळ. अद्भुत तेवढ्या एकाच फटीतून आत येऊ दे.

मी काय म्हणते ते तुझ्या उसवणीवरच करून बघू. तू लिहिलंयस की सूर्य बुडताच सावली पायापासून ‘चर्रकन फाटते’. एखाद्या मोकळ्या संध्याकाळी कृष्णेच्या घाटावर जाऊन नुसती उभी राहा. सूर्य क्षितिजापासून दहा अंशांवर असताना पाच फुटी बाईची सावली अठ्ठावीस फुटांवर जाते, पाच अंशांवर आला की सत्तावन्न फुटांच्या घरात. आता तिच्या कडा बघ. पायाशी त्या सुरीने कापल्यासारख्या दिसतात आणि डोक्याकडे विरत गेलेल्या असतात. सूर्य हा ठिपका नाही, आकाशात अर्ध्या अंशाची थाळी आहे, त्यामुळे वस्तूपासून जितकं लांब जावं तितकी कड पुसट होते, मीटरमागे साधारण एक सेंटिमीटर. म्हणजे सावली पायाशी घट्ट आणि डोक्याशी आधीच सैल असते. मग ती फाटेल कशी? ती डोक्याकडून उसवत येईल, आणि शेवटचा टाका टाचेशी निघेल. या टाचेच्या टाक्यावरच तुला एक अख्खं प्रकरण लिहिता येईल.

सूर्य बुडाल्यावर लगेच घरी जाऊ नकोस, मागे वळून पूर्वेकडे बघ. हवा स्वच्छ असेल तर क्षितिजालगत निळसर-करडा पट्टा वर चढताना दिसेल आणि त्याच्या माथ्यावर फिकट गुलाबी पट्टा. तो निळसर पट्टा ही पृथ्वीची स्वतःची सावली. आपण जिला रात्र म्हणतो ती हीच. अवकाशात ती जवळजवळ चौदा लाख किलोमीटर लांब पसरलेली असते, आणि चंद्र तिच्यात शिरला की आपण ग्रहण लागलं म्हणतो. सोनघळीतल्या सावल्या सुटून जातात कुठे, हे तुला अजून ठरवता आलेलं नाही असं वाचताना जाणवतं. मला विचारशील तर त्या या थोरल्या सावलीत मिसळतात. पहाटे ती ओसरू लागली की प्रत्येकीला त्या गर्दीतून आपापली टाच शोधून काढायची असते. एखादी चुकते, एखादीला यायचंच नसतं.

हे झालं तुझ्या ‘का होते’ या प्रश्नाचं अर्धं उत्तर. उरलेलं अर्धं असं, की कारण तुला पक्कं ठाऊक असू दे आणि पुस्तकात सांगू नकोस. तिसऱ्या प्रकरणातला तो म्हातारा चार पानं भरून शाप समजावून सांगतो. त्याला काढून टाक. गावातल्या लोकांना कारण ठाऊक नसतं, त्यांच्याकडे समजुती असतात, आणि दर आळीची समजूत वेगळी असते.

आता जरा रात्रीत शिर. काळोखात हिंडणारी सावली दिसणार कशी? सावली दिसायला उजेड लागतो. म्हणजे सोनघळीत अमावास्येला कुणालाच काही दिसणार नाही, लोक निर्धास्त झोपतील. भीती असेल ती पौर्णिमेची. आपल्याकडे अवसेला घराबाहेर पडू देत नाहीत, तुझ्याकडे कोजागरीला दारं लावून घ्यावी लागतील. एवढा एक उलटापालट नीट लिहिलास तरी ते जग तुझं झालं. दिवेलागणीचंही तसंच. चुलीपुढे आजी भाकरी थापतेय. भिंतीवर काठवटीची सावली आहे, फुंकणीची आहे, खाली येणाऱ्या भाकरीची आहे. आजीची नाही, कुणाचीच नाही. त्या घरातल्या पोरांना हे रोजचं आहे, त्यांना त्यात काही वाटत नाही. पाहुणा आलेल्याला वाटेल.

पाऊस तर तू विसरलीच आहेस. सोनघळ घाटमाथ्यावर आहे, धबधबे आहेत, करवंदाच्या जाळ्या आहेत, आणि तीन प्रकरणांत एक सर नाही! आषाढात तिथे आठ-आठ दिवस ऊन पडणार नाही. ऊन नाही म्हणजे कुणालाच सावली नाही, आणि निसावला कोण हे ओळखायचा मार्गही नाही. चार महिने ते गावात येऊ शकतात, जत्रेत मिसळू शकतात, कुणाच्या ओसरीवर टेकू शकतात. प्रेमं जुळायची तर पावसातच जुळतील. आणि भाद्रपद सरता सरता एका सकाळी लख्ख ऊन पडेल. तुझ्या कादंबरीचा मध्य मला इथे दिसतोय.

याच्या उलट टोकाचा दिवस मे महिन्यात. सगळा महाराष्ट्र कर्कवृत्ताच्या दक्षिणेला आहे, म्हणून वर्षातून दोनदा भर दुपारी सूर्य बरोबर डोक्यावर येतो आणि उभ्या खांबाची सावली त्याच्या बुडाखाली गडप होते. मेच्या सुरुवातीला हा शून्य सावलीचा दिवस सावंतवाडीकडून निघतो, महिन्याच्या मध्याला पुण्या-मुंबईला आणि अखेरीस नागपूरकडे पोचतो. तुमच्या मिरजेत तो ६-७ मेच्या सुमाराला, दुपारी साडेबाराच्या आसपास. दुसरी खेप मिरजेत ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात येते, पण तेव्हा आभाळ भरलेलं असल्याने ती बहुधा कुणाला दिसत नाही. दिल्लीकरांच्या नशिबी तर हा दिवस मुळीच नाही. आता कल्पना कर, त्या दोन-तीन मिनिटांत सोनघळीचा पाटील, पुजारी, सावकार सगळेच निसावले. गावाने त्या वेळेला काहीतरी नियम केलेला असणारच. घराबाहेर पडायचं नाही, घंटा वाजवत राहायचं, किंवा डोळे मिटून बसायचं. रेवाचं लग्न मोडायला आलेल्या पंचायतीची वेळ तू दुपारची ठेवलीयस. मग तारीखही बदलून टाक की.

उसनवारीची धास्ती तू उगाच घेतलीस. सावली हरवलेल्या माणसाच्या गोष्टी पश्चिमेत आहेत, तशा सावलीच्या गोष्टी आपल्याकडेही मुबलक आहेत, आणि आपल्या गोष्टी मी वर म्हटलेला नियम किती कसून पाळतात ते बघण्यासारखं आहे. वाल्मीकींच्या सुंदरकांडात सिंहिका राक्षसी समुद्रावरून उडणाऱ्या हनुमंताची सावली पकडते. बस, एवढंच करते. सावली धरली की देह अडतो. उलट्या वाऱ्यात सापडलेल्या मोठ्या जहाजासारखं आपलं झालंय, असं हनुमंताला वाटतं. पुढची लढाई जबडा, नखं आणि युक्ती यांची आहे, सावली पुन्हा त्यात येत नाही. महाभारतातल्या नलोपाख्यानात स्वयंवराच्या वेळी दमयंतीपुढे पाच नळ उभे आहेत, त्यातले चार देव. देवांच्या पापण्या लवत नाहीत, हार कोमेजत नाहीत, पाय जमिनीला टेकत नाहीत. खरा नळ ओळखू येतो तो सावलीने, घामाने आणि अंगावरच्या धुळीने. सावलीची किंमत इतक्या कमी शब्दांत सांगितलेली मला दुसरीकडे सापडलेली नाही. तुझ्या निसावल्यांना गावाने कधी तरी देव समजून पुजलंही असेल, हा धागा तिथून निघतो. बघ पटतंय का.

सूर्याच्या घरचीही गोष्ट घे. संज्ञेला नवऱ्याचं तेज सोसवेना, म्हणून ती आपली छाया घरात ठेवून निघून गेली. छाया हुबेहूब तिच्यासारखीच दिसायची. पण तिला स्वतःची मुलं झाली, शनी त्यांतलाच, आणि ती संज्ञेच्या मुलांना डावं-उजवं करू लागली. चिडून यमाने तिच्यावर पाय उगारला, तिने त्याला शाप दिला, आणि सूर्याला संशय आला की सख्खी आई पोराला असा शाप देईल कशी. पुराणातलं एवढं मोठं गुपित घरातल्या दुजाभावातून फुटलं. तुझ्या आईचं उत्तरही यातच आहे. शनीच्या श्लोकात ‘छायामार्तंडसंभूतं’ येतं ते याच छायेमुळे. आई शनिवारी तो म्हणत असेल तर ही गोष्ट तिला आधीच ठाऊक आहे. वाद घालू नकोस. तिच्या भीतीला आधार आहे आणि तो जुना आहे. चरकसंहितेच्या इंद्रियस्थानात, म्हणजे मरणाच्या खुणा सांगणाऱ्या भागात, चांदण्यात, उन्हात, दिव्यापुढे, पाण्यात किंवा आरशात ज्याची छाया विकृत दिसते तो गेल्यातच जमा, असं म्हटलंय. तेव्हा आईला न्हाणीतलं प्रकरण वाचून दाखव आणि ती कुठे थांबवते ते टिपून ठेव.

खरी उसनवारी वेगळ्याच ठिकाणी आहे. तिसऱ्या प्रकरणात लोक शेकोटीपाशी लाकडी वाडग्यातून रस्सा पितात, म्हातारा टोपीचा लांब झगा घालून दंड आपटत येतो आणि बुरुजावर कावळे बसतात. हे सामान कुठून आलं ते तुलाही माहीत आहे. ते परत पाठव.

आता ज्यासाठी हे उत्तर मी लगेच न पाठवता ठेवून दिलं होतं, ते. ‘निसावले गावाबाहेर राहत.’ तीन प्रकरणांत त्यांच्यावर एवढं एकच वाक्य आहे. जणू धुकं, ओढा, वड, तसे गावाबाहेरचे निसावले.

महाराष्ट्रात बसून सावलीवर लिहिणाऱ्याला हे वाक्य इतक्या सहज लिहिता येणार नाही. आपल्याकडे सावलीला खरोखरची ताकद होती, कल्पनेतली नव्हे, कायद्यातली. पेशवाईत हिंदू माणूस समोरून येत असला तर अस्पृश्याने सार्वजनिक रस्ता वापरायचा नाही, त्याची सावली पडून विटाळ होईल म्हणून, हे बाबासाहेबांनी १९३६ च्या ‘जातिनिर्मूलन’मध्ये लिहून ठेवलंय. गळ्यातलं मडकं आणि कमरेचा झाडूही तिथेच आहे. पुण्यात सकाळी नवाच्या आधी आणि दुपारी तीननंतर महार-मांगांना वेशीच्या आत येऊ देत नसत, कारण त्या वेळी सावल्या लांब पडतात, अशी नोंद समाजशास्त्रज्ञ घुर्यांनी केली आहे. जरा हिशेब करून बघ. सूर्य पंचेचाळीस अंशांवर असला की सावली बरोबर माणसाच्या उंचीइतकी पडते, आणि नऊ आणि तीन या वेळा साधारण त्याच्याच आसपासच्या. माणसापेक्षा सावली मोठी झाली की वेस बंद. कुणीतरी शांतपणे बसून हे ठरवलं असणार, आणि कुणीतरी रोज वेशीवर उभं राहून ते पाळून घेतलं असणार.

तुझ्याकडे चित्र उलटं आहे, सावली असणारे आत आणि नसणारे बाहेर. उलटं आहे म्हणून ते निरुपद्रवी होत नाही. मी तुला हे वगळ म्हणत नाही, उलट याच्यात शीर म्हणतेय. निसावल्यांना पाणी कुठलं? त्यांच्याकडून काम करून घ्यायची गावाची वेळ कोणती, उन्हं वर यायच्या आधीची की ढगाळ दिवसाची? सावली परत आली तर त्यांना आत घेतात का, की एकदा गेलेला गेलाच? त्यांच्या जमिनी कोण कसतं? यातल्या शेवटच्या प्रश्नाचं उत्तर लिहिलंस की उसवणीची भीती कोण जागती ठेवतं तेही आपोआप बाहेर येईल. रेवा पाटलाची सून आहे. कालपर्यंत तीच या लोकांना वरून, लांबून भाकर टाकत होती, हे तूच दुसऱ्या प्रकरणात अर्ध्या ओळीत लिहून गेलीयस. ती अर्धी ओळ मला बुरूज पडण्यापेक्षा भारी वाटली. आणि हे लिहिण्याआधी दलित आत्मकथनं वाच. संदर्भ गोळा करायला नव्हे. वेशीबाहेरून गाव कसं दिसतं ते आतल्या माणसाला कल्पनेने सुचत नाही म्हणून.

जाता जाता तुझ्या बुरूज पाडणाऱ्या सावलीबद्दल. ती तुला फारच प्रिय दिसते, म्हणून ती वाचवायचा एक मार्ग सांगते. कुडाळजवळ पिंगुळीला ठाकर समाजाची मंडळी चित्रकथी, कळसूत्री आणि चामड्याच्या बाहुल्यांचे खेळ करतात. त्यांतले परशुराम गंगावणे यांना २०२१ मध्ये पद्मश्री मिळाली. चामड्याच्या बाहुल्यांचा खेळ जमल्यास पडद्याच्या मागून बघ. बाहुली पडद्याला टेकलेली असते तेव्हा सावली लहान, नेटकी, तिच्यातलं भोक न् भोक दिसतं. तीच दिव्याकडे नेली की पडदाभर होते, पण कडा विरघळतात आणि काळेपणा पातळ होतो. प्रचंडही आणि दाटही, असं दोन्ही सावलीला जमत नाही. तुझी सावली बुरुजाएवढी झाली तर एखाद्याला हुडहुडी भरण्यापलीकडे तिच्याने काही होऊ नये. गळा आवळायचा असेल तर तिला मांजराएवढं व्हावं लागेल, आणि मांजराएवढ्या सावलीला पाटाखाली दाबून धरता येतं. आता पुजाऱ्याचा प्रसंग लिही बरं.

बोलणं आणि बरं करणं दोन्ही काढून टाक. बोलणाऱ्या सावल्यांचं मला मुळातच वावडं आहे, तेव्हा हा माझा पूर्वग्रह समज, पण रेवाच्या सावलीला तोंड फुटलं की रेवा गप्प बसते हे तुझ्या पानांवरही दिसतंय.

पहिल्या दोन प्रकरणांना हात लावू नकोस, टाचेच्या टाक्याचं तेवढं वाक्य दुरुस्त कर. तिसरं नव्याने लिही, पावसासकट, आणि पाठवताना अक्षरांचा आकार जरा मोठा ठेव.

तुझी,
ताई